अकरा ओळींची जागा

ज्या कवींना भेटायला मी पनवेलला गेले, त्यांचे आडनाव या लेखात दिलेले नाही. त्यांच्या दोन बहिणी अजून इराणात राहतात. त्यांचे नाव मनुचेहर. पनवेलमध्ये आणि सासुरवाडीच्या गव्हाण गावात त्यांना मनोहर म्हणतात. इमारतीच्या जिन्याजवळच्या पाटीवरही तेच नाव आहे. त्याबद्दल त्यांची तक्रार नाही.

माझे काम साधे होते. एका दैनिकात तीस वर्षे उपसंपादक म्हणून काढल्यावर मी आता सांगलीहून निघणाऱ्या एका दिवाळी अंकाची पाने पाहते. या अंकात मनुचेहर यांच्या चौदा कविता मराठीत छापायच्या होत्या. कविता निवडून झाल्या, टाइप झाल्या, आणि मग मालकांनी त्या एका वकिलांना दाखवल्या. वकिलांनी चार कवितांमधल्या अकरा ओळींखाली पेन्सिलीने रेघा मारल्या. एका ओळीत देवाला विचारले होते की तुझ्या दाराशी शिपाई कशाला. दुसरीत भिंतीवरची एक तसबीर जेवणाऱ्या मुलांचे घास मोजत होती. बाकीच्या अशाच. हल्ली कोण कशाने दुखावेल सांगता येत नाही, असे वकिलांचे म्हणणे. मालकांनी निरोप दिला: अकरा ओळी काढल्या तर छापू, नाही तर चौदाच्या चौदा कविता वगळू.

हे फोनवर सांगणे मला बरे वाटले नाही. ओळींची यादी आणि बेदाण्याचा एक पुडा पिशवीत ठेवला आणि ऑगस्टच्या शेवटी एस.टी.ने निघाले.

पनवेल

तिसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्या. खिडकीतून समोरच्या इमारतींच्या फटीत कर्नाळ्याचा सुळका दिसतो, ढग नसतील तर. दार उघडले हिराबाईंनी. हिराबाई म्हणजे मनुचेहर यांच्या दिवंगत पत्नीच्या भावजय. गव्हाणला राहतात आणि दिवसाआड इथे येऊन स्वयंपाक करून जातात.

"ये गो बाय, बस. भावजी आताच मशीनवरून आलंत. जरा पडलंत."

मशीन म्हणजे डायलिसिस. मूत्रपिंडे निकामी झाल्यामुळे आठवड्यातून तीन वेळा त्यांना रिक्षाने न्यावे लागते. पाणी मोजून, फळे मोजून, मीठ जवळपास बंद. हिराबाईंच्या माहेरी आणि सासरी दोन्हीकडे मिठागरे होती. त्यांच्या नणंदेचा नवरा आळणी जेवतो, हे त्या प्रत्येक नव्या माणसाला सांगतात, पण आता त्यावर हसत नाहीत.

मनुचेहर उठून बाहेर आले. उंच, वाकलेले, दाढी केलेली, घरातही कोट घातलेला. छातीवर हात ठेवून किंचित झुकले आणि म्हणाले, "तू आलीस. लय तरास झाला असंल तुला. माजं घर तुज्या लायक नाय."

पहिली काही मिनिटे मला याची सवय करून घ्यावी लागली. त्यांना जी मराठी येते ती पत्नीकडून, सुनंदाबाईंकडून, आणि ती गव्हाणच्या आगरी घरातली. त्यातले तू तेवढे त्यांनी उचलले, सगळ्यांसाठी. डॉक्टरांनाही ते तूच म्हणतात. शब्द गावचे आणि रीत इराणातल्या शिराझची, असा तो माणूस.

या रितीची एक गोष्ट हिराबाईंनी लगेच सांगितली. इराणात पाहुण्याने समोर आलेले दोनदा नाकारायचे आणि तिसऱ्यांदा घ्यायचे असते. लग्नानंतर पहिल्यांदा गव्हाणला आले तेव्हा मनुचेहर यांनी ताटाला दोनदा नको म्हटले.

"सासूनं ताट उचलून नेलं," हिराबाई म्हणाल्या. "बोलली, विलायती जावयाला आपलं बोंबील नाय आवडत. ह्ये रात्रभर उपाशी."

"दोन रात्री," मनुचेहर म्हणाले.

"दुसऱ्या रात्री बी नको बोललाव तुमी."

"दोनदाच बोललो."

त्या दिवशी जेवायला तांदळाच्या भाकऱ्या, जवळ्याची चटणी आणि आंबट वरण होते. त्यांच्यासाठी वेगळ्या पातेल्यात बिनमिठाचे. त्यांनी एकच गोष्ट मागून घेतली, पातेल्याच्या बुडाला लागलेली भाताची कडक पापडी. आमच्याकडे ती खरवडून टाकतात. त्यांच्याकडे ती पाहुण्याला पहिल्यांदा वाढतात. त्यांनी अर्धी मोडून माझ्या ताटात ठेवली. मी ती खाल्ली आणि यादी पिशवीतच राहू दिली.

संध्याकाळी हसुरामांची मुलगी प्राची आली. हसुराम म्हणजे सुनंदाबाईंचे भाऊ, हिराबाईंचे यजमान. प्राची एका बँकेत नोकरी करते. कविता तिनेच टाइप करून पाठवल्या होत्या. तिने मला कपाटातली मूळ पाने दाखवली आणि त्यांची हकिकत सांगितली. ती मी नंतर मनुचेहर यांच्याकडून पडताळून घेतली. दोन्हींत फरक नव्हता.

सुनंदाबाई परिचारिका होत्या. तरुणपणी शिराझच्या एका रुग्णालयात नोकरीला गेल्या. मनुचेहर तिथल्या शाळेत साहित्य शिकवत. वडील पुस्तकबांधणी करायचे. पहिल्या संग्रहाला छापण्याची परवानगी मिळाली, तेव्हा काळ वेगळा होता. दुसऱ्या संग्रहापासून अडवणूक सुरू झाली. तिथे प्रत्येक पुस्तक छापण्याआधी परवानगीच्या कार्यालयात द्यावे लागते आणि तिथून ते खुणा होऊन परत येते. पुढे अटक झाली. अडीच वर्षे तुरुंगात काढली. सुटल्यावर शाळा नाही, छापणे नाही. घराची झडती वर्षातून दोनदा.

त्या काळात ते घरी कविता तोंडाने म्हणत आणि सुनंदाबाई ती मराठीत उतरवून घेत. रुग्णालयातल्या रद्द तक्त्यांच्या कोऱ्या पाठीवर, निळ्या शाईने. फारसी कागद घरात ठेवलाच नाही. नऊ वर्षांपूर्वी ते दोघे कायमचे इकडे यायला निघाले, तेव्हा विमानतळावर बॅगा उघडल्या गेल्या. ही पाने काय आहेत, असे विचारल्यावर सुनंदाबाई म्हणाल्या, स्वयंपाकाच्या कृती. अधिकाऱ्याने पाने उलटसुलट करून परत ठेवली.

"आत्याला स्वयंपाक अजिबात जमायचा नाही," प्राची म्हणाली. "म्हणजे, सिरियसली. आई येऊन करायची."

म्हणजे या कविता आज फक्त मराठीत आहेत. बऱ्याचशा फारसी ओळी आता मनुचेहर यांनाही आठवत नाहीत. सुनंदाबाई तीन वर्षांपूर्वी गेल्या. त्यानंतर मनुचेहर यांनी एकही नवी कविता केलेली नाही. का, असे मी विचारले.

"पयले लिवनारी व्हती," ते म्हणाले.

भिंतीवर एक फळी आहे. तिच्यावर सुनंदाबाईंचा गणवेशातला फोटो आणि त्यांचे छातीला टाचायचे घड्याळ. शेजारी औषधांचा मोठा प्लास्टिकचा डबा होता. मनुचेहर यांनी तो उचलला आणि खाली खुर्चीवर ठेवला. मोकळ्या झालेल्या जागेवर तळहात ठेवून मला म्हणाले, "तुजं पुस्तक हितं ठेवीन. तिच्या बाजूला."

मी लॉजवर परत गेले.

चिरनेर

दुसऱ्या दिवशी मशीन नव्हते. हसुरामांनी गाडी आणली आणि आम्हाला चिरनेरला नेले. मनुचेहर यांना तिथे जायचे होते. सुनंदाबाई नेईन म्हणत राहिल्या आणि राहून गेले.

रस्ता उरणच्या बाजूचा. हसुराम गाडी चालवताना दोन्ही बाजूंना बोट करून सांगत होते, इथे आमची मिठागराची कोंडी होती, इथे खाडीचा बांध, इथे मीठ ओढायचो. जिथे बोट करत तिथे कंटेनर उभे होते किंवा भराव होता किंवा पत्र्यांचे उंच कुंपण. मी वहीत गावांची नावे लिहीत होते. काही वेळाने लिहिणे थांबवले, कारण ते सांगत असलेल्या खुणांपैकी एकही मला दिसत नव्हती.

"तुला दिसतंय का रं?" मनुचेहर यांनी विचारले.

"मना दिसतंय," हसुराम म्हणाले. "माज्या पोरीला नाय दिसत."

एकोणीसशे तीस साली चिरनेरच्या जंगल सत्याग्रहात पोलिसांनी गोळ्या झाडल्या होत्या. तिथे स्मारक आहे. पाऊस थांबला होता, फरशी निसरडी होती. हसुरामांनी मेव्हण्याला दंडाला धरून नेले. मनुचेहर यांना देवनागरी सावकाश वाचता येते. कोरलेली नावे त्यांनी एकेक अक्षर लावत वाचली. प्रत्येक नावानंतर थांबले. त्यात बराच वेळ गेला. हसुराम कंटाळून चहा सांगायला गेले.

आम्ही दोघे कठड्यावर बसलो. तेव्हा त्यांनी माझ्याकडे न पाहता विचारले, "यादी आनलीस?"

मी कोणती यादी, असे विचारले नाही. तुम्हाला कसे कळले, एवढेच विचारले.

"छापायचं असतं तं फोन केला असतास. मानूस येतो म्हंजे यादी असते." मग ते म्हणाले, "तिकडचा परवानगीचा सायब बी भला व्हता. साहित्य शिकलेला. पिस्ते द्यायचा खायला."

मी आणलेले बेदाणे त्यांच्या घरी टेबलावर होते. त्यांना ते पथ्यामुळे चालत नव्हते, हे मला आधी विचारायला सुचले नव्हते.

यादी दिली. त्यांनी खिशातून भिंग काढले आणि अकरा ओळी वाचल्या. सुनंदाबाईंच्या शब्दांत, टाइप केलेल्या, खाली पेन्सिलीची रेघ असलेल्या. भिंग परत खिशात ठेवले. मी वकिलांचे कारण सांगितले. मालकांचा निरोप सांगितला. माझे मत वेगळे आहे हेही सांगितले. त्याचा काही उपयोग नव्हता.

"तिकडं ह्ये कागद कोनाला समजत नवते, म्हनून टिकलं," ते म्हणाले. "हितं समजतात."

मग त्यांनी दुसऱ्या संग्रहाची हकिकत सांगितली. ती मी ऐकली तशी देते. कार्यालयाने सदतीस ठिकाणी खुणा केल्या होत्या. मनुचेहर यांनी सदतीसही ठिकाणच्या ओळी काढल्या. काढल्या, पण त्यांची जागा सोडली. जिथे एक ओळ होती तिथे एका ओळीएवढी कोरी जागा, जिथे पाच तिथे पाचांची. पुस्तक पुन्हा कार्यालयात गेले. साहेब म्हणाले, ओळी काढल्यात, फार चांगले. आता पाने जुळवून घ्या. इथे काही होते हे वाचणाऱ्याला कळता कामा नये. मनुचेहर यांनी पाने जुळवली नाहीत. वडिलांच्या बांधणीच्या दुकानात कोऱ्या जागांसकट थोड्या प्रती काढल्या आणि ओळखीच्यांना वाटल्या. अटक त्यासाठी झाली.

"ओळी दिल्या मी," ते म्हणाले. "जागा नाय दिली."

हसुराम चहा घेऊन आले. मनुचेहर यांना दोन घोट चालतात. ते त्यांनी घेतले. उरलेला ग्लास माझ्या हातात दिला आणि म्हणाले, "तुज्या अकरा ओळी घे. छाप. पन जागा सोड. एवडं कर."

मी होय म्हणाले. कोऱ्या जागेला वकिलांची हरकत असण्याचे कारण नव्हते. मालकांना तिथूनच फोन लावला. ते म्हणाले, "सोडा की. त्यात काय."

मला हायसे वाटले, हे नोंदवले पाहिजे.

गव्हाण

तिसऱ्या दिवशी सकाळी मनुचेहर मशीनवर होते. हिराबाईंनी मला गव्हाणला बोलावले. नव्या विमानतळाकडे जाणारा रस्ता घराच्या मागच्या कुंपणाला लागून आहे. ओट्यावर मोठ्या पोत्यात जुने खडे मीठ भरून ठेवलेले होते, करड्या रंगाचे. स्वतःच्या मिठागरातले शेवटचे, असे हिराबाई म्हणाल्या. ते त्या जेवणात वापरत नाहीत. विकतचे आणतात.

"मंग ठेवलंय कशाला?" मी विचारले. दोन दिवसांत माझ्या तोंडी मंग बसला होता.

"असूं दे. जागा अडवतंय थोडी, दुसरं काय."

त्यांनी पदर सावरत मला विचारले, पुस्तक कधी येणार. दिवाळीच्या आधी आठवडाभर, मी म्हणाले. त्या बोटांवर मोजू लागल्या. मशीनवरच्या डॉक्टरांनी प्राचीला काय सांगितले होते ते तिने आदल्या दिवशी मला सांगितले होते. हृदय थकले आहे. महिने म्हणा.

"तवर ऱ्हातील," हिराबाई म्हणाल्या. "पुस्तकासाठी ऱ्हातील. मिठाशिवाय बी जेवतात आता नीट."

दुपारी पनवेलच्या स्थानकावर प्राची सोडायला आली. तिने मला एक कागद दिला. मनुचेहर यांनी चारही कविता भिंग लावून हाताने उतरवल्या होत्या. काढलेल्या ओळींच्या ठिकाणी पट्टीने मोजून जागा सोडली होती. एका कवितेत तीन ओळींची कोरी जागा आणि तिच्याखाली पुढची ओळ: आणि तरी खिडकी उघडीच राहिली. वर काय होते हे माहीत नसेल तरी काहीतरी होते हे त्या ‘आणि तरी’वरून कळत होते.

सांगली

पुढचा भाग प्रवासाचा नाही, पण त्याशिवाय दुसरी खेप समजणार नाही.

प्रुफावर मी लाल शाईने चार ठिकाणी लिहिले: येथे जागा कोरी. पाने लावणारा सदानंद माझ्याच हाताखाली दैनिकात तयार झालेला आहे. त्याला तोंडीही सांगितले. पहिल्या प्रुफात जागा बरोबर होत्या. दुसऱ्यातही. शेवटच्या आठवड्यात जाहिराती वाढल्या, पाने पुढेमागे झाली, कवितांची पाने नव्याने लावावी लागली. सदानंदने ती फोनवर पाठवली. मी पाहिले. शीर्षक बरोबर, नाव बरोबर, पानक्रमांक बरोबर. पाने भरलेली दिसत होती. मी ‘ठीक’ असे कळवले.

अंकाचे गठ्ठे आल्यावर मी ती पाने उघडली. चारही कोऱ्या जागांत पणतीचे छोटे चित्र होते. दिवाळी अंकात कवितेखाली, चुटक्याखाली उरलेली जागा भरायला वापरतात तसले. प्रत्येक जागेला नीट बसेल असे लहानमोठे केलेले.

मी सदानंदला फोन केला.

"बाई, तिथं पान फुटल्यासारखं दिसत होतं," तो म्हणाला. "नव्यानं लावताना तुमच्या लाल खुणांचा कागद जुन्या पानांबरोबर गेला. मोकळं दिसलं की भरायचं, हे तुम्हीच शिकवलंय ना?"

मीच शिकवले होते. उपसंपादकाला पानावरची कोरी जागा म्हणजे चूक. तीस वर्षे मी रोज संध्याकाळी ती शोधली आणि बुजवली. या पानांवर चार पणत्या माझ्या डोळ्यांसमोरून गेल्या आणि खटकल्या नाहीत, कारण त्या असायच्याच असतात. मालकांना दाखवले. ते म्हणाले, अंक वितरणाला गेला, आता काय करणार, आणि दिवाळीत पणती काही वाईट दिसत नाही.

पुन्हा पनवेल

पाच प्रती घेऊन निघाले. सांगायचे कसे याचा विचार खंडाळ्यापर्यंत केला, पुढे सोडून दिला.

मनुचेहर पलंगावर उशीला टेकून बसले होते. ऑगस्टपेक्षा बरेच उतरलेले, पण दाढी केलेली आणि कोट घातलेला. हसुराम, हिराबाई, प्राची तिघेही आले होते. हिराबाईंनी फळी पुसून ठेवली होती. औषधांचा डबा खिडकीत होता.

मी आल्या आल्या सांगायला सुरुवात केली, पण हिराबाईंनी पिशवीतून अंक काढून घेतला होता आणि पान शोधून त्यांच्या मांडीवर ठेवले होते.

"बघा तं भावजी," त्या म्हणाल्या. "किती छान दिवे काढलेत."

प्राची वाकून पाहत होती. ती माझ्याकडे वळली.

मनुचेहर यांनी भिंग घेतले. पहिली कविता वाचली. पहिल्या पणतीवर भिंग थांबले. मग त्यांनी पान उलटले, आणि दुसरी, तिसरी, चौथी पणती पाहिली. परत पहिल्याकडे आले. मी तोपर्यंत सगळे सांगितले: पाने नव्याने लागली, कागद हरवला, मी पाहिले आणि मला दिसले नाही. जितके थोडक्यात सांगता येईल तितके.

त्यांनी ऐकून घेतले. मग विचारले, "कोनी सांगितलं भरायला?"

"कोणी नाही."

"वकिलानं?"

"नाही."

"मालकानं?"

"नाही. कोणीच नाही. सवयीनं झालं."

त्यांनी भिंग खाली ठेवले आणि माझ्याकडे पाहिले. रागाने नाही. एखादी गोष्ट आपण समजत होतो त्यापेक्षा मोठी निघावी तसे.

"तिकडं सांगायला मानूस लागायचा," ते म्हणाले.

मी पुढच्या वर्षीच्या अंकात दुरुस्ती छापू असे म्हणाले. ते ऐकून हसुरामांनी मान खाली घातली. पुढच्या वर्षीपर्यंतचा हिशेब खोलीतल्या सगळ्यांना येत होता.

हिराबाईंनी जेवायला वाढले. मला भूक नव्हती. मी नको म्हणाले. त्यांनी पुन्हा विचारले, मी पुन्हा नको म्हणाले. मनुचेहर पलंगावरून म्हणाले, "तिला तिसऱ्यांदा इचार." हिराबाईंनी विचारले, आणि मी जेवले. पातेल्याच्या बुडाची पापडी त्यांनी या वेळीही अर्धी मोडून दिली.

निघताना मी वाकून नमस्कार केला. त्यांनी छातीवर हात ठेवला. अंक त्यांच्या मांडीवर मिटलेला होता. हिराबाई तो घेऊन फळीकडे निघाल्या तेव्हा त्यांनी मान हलवून नको म्हटले. हिराबाईंनी पुन्हा विचारले. त्यांनी पुन्हा नको म्हटले. हिराबाई त्यांची रीत ठाऊक असल्यामुळे तिसऱ्यांदा विचारायला थांबल्या.

तिसऱ्यांदाही त्यांनी नकोच म्हटले. मग प्राचीला खुणेने खिडकीतला औषधांचा डबा मागितला. तिने तो आणून दिला. ते भिंतीला धरून उठले, फळीपर्यंत गेले आणि त्यांनी तो सुनंदाबाईंच्या फोटोशेजारी, पूर्वीच्या जागी, ठेवला.